नव्वद सेकंद

एकाखाली काटकोन. दोनाखाली उलटा टोप.
स्टाइनुन्नबाईंची पेन्सिल चौकटीवर थांबते,
मान वर जाते नमुन्याकडे, खाली येते,
येताना वाटेत खूण सांडते.
पुन्हा वर.

घड्याळ माझ्या हातात.

सासष्ट साली सिग्लुफ्योर्दुरच्या धक्क्यावर
याच हातांचा वेग विचारू नका:
मुंडकं, मीठ, थर, मुंडकं, मीठ, थर,
हेरिंगचं पिंप भरलं की कुणीतरी
बुटात पितळी बिल्ला टाकायचं.
पहाटे घरी जाताना पाय वाजायचे.

मागच्या जानेवारीत बर्फावर घसरल्या.
"हात निघाला होता," म्हणाल्या,
"पण जमीन आधी पोचली."

वेळ संपली. एकतीस चौकटी.
दोन वर्षांपूर्वी चव्वेचाळीस होत्या.
मी आकडा लिहिते, त्या उलटा वाचतात.
"म्हणजे किती पिंपं?"
चूक एकही नाही, हे सांगते.
"चुकलं असतं तर मासा कुजला असता," म्हणतात,
आणि वाकून बूट चढवू लागतात.
नाडीची गाठ दोनदा निसटते.
मी खिडकीबाहेर बघते,
तिथे पाणी आहे, बोटी नाहीत.

दार लागल्यावर ध्यानात येतं,
घड्याळ थांबवायचं
माझ्याकडूनच राहिलंय.