आठ आणे

युक्ती मुकुलनं शोधली होती,
नऱ्ह्याच्या फ्लॅटमध्ये, गादीवर पालथं पडून,
तोंडात चिक्की, म्हणून अर्धी मला कळलीच नाही.
माझ्या कन्सोलवर तुझ्या खात्याचं घर नोंदव, म्हणाला,
तुझ्या कन्सोलवर माझ्या.
मग एकानं घ्यायचा, दोघांनी खेळायचा,
पैसे निम्मे निम्मे.
फुकट नाही रे, निम्मे, हे त्यानं दोनदा सांगितलं.

निळ्या वहीत सगळं आहे.
खेळाचं नाव, तारीख, देणे, येणे.
मधेच कुठे अंडाभुर्जी, मधेच पेट्रोल,
एका पानावर नुसतं "टोमॅटो १८"
आणि खाली त्याची सही.

फ्लॅट सोडताना पायगुड्यांनी डिपॉझिटमधून चार हजार कापले.
भिंतीतल्या चार भोकांचे, भोकाला हजार.
टीव्ही तिथे टांगलेला.
ड्रिल तू धरलं होतंस, मी म्हणालो.
इथेच टांग, असं कोण म्हणालं, तो म्हणाला.
मग चौदा महिने कोणीच काही म्हणालं नाही.

तो पिंपळे सौदागरला गेला, मी धनकवडीत.
मधे अख्खं शहर, दोन नद्या
आणि न सुटणारे सिग्नल.

पण खाती कुणाला सांगून भांडत नाहीत.
माझ्या खात्याचं घर अजून त्याच्याकडे,
त्याच्याचं माझ्याकडे, टीव्हीखाली, धूळ खात.
आमच्या गल्लीत केबलवाल्याचं नेट गेलं
की माझ्याच खेळांवर छोटं कुलूप येतं.
मी पैसे मोजून घेतलेले खेळ
मलाच विचारतात, तुम्ही कोण?
आणि मुकुलचे खेळ उघडतात,
निमूट, बिननेटचे,
जशी चप्पल न काढता आत यायची
त्याची सवय होती.

काढून टाकता येतं. सेटिंगमध्ये चौथी ओळ.
तिथवर मी गेलोय. एकदा रागानं,
एकदा नुसतं बघायला की अजून आहे का.
होतं. म्हणजे तोही
तिथवर येऊन परत फिरला असणार,
किंवा त्याला आठवणच नसेल.
मला पहिलं जास्त पटतं.

कधी रात्री दीडला कोपऱ्यात हिरवा ठिपका दिसतो.
मुकुल. ऑनलाइन.
मी आवाज कमी करतो,
जसा काही त्याला भिंतीपलीकडून ऐकू जाईल.

मागच्या शुक्रवारी यादीत बत्तिसावा खेळ आला.
मासेमारीचा. तळ्याकाठी बसायचं,
गळ टाकायचा, वाट पाहायची, एवढंच.
मी दोन वर्षं मागे लागलो होतो,
आणि तो म्हणायचा, त्यापेक्षा कात्रजच्या तलावावर जा,
बसायला पैसे पडत नाहीत.
विकत त्यानं घेतला होता. पूर्ण किमतीला.
सेल लागण्याआधी, मुकुलनं!
हे वाचून मी उठून पाणी प्यायलो.

त्यानं तो एकदाही उघडला नव्हता.

उतरवायला पहाट झाली.
पहिला मासा बोटाएवढा. सोडून दिला.
मग निळी वही काढली, तारीख घातली,
चोवीसशे नव्व्याण्णव,
निम्मे बाराशे साडेएकोणपन्नास.
बाराशे पन्नास पाठवले, शेरा लिहिला: मासे.
'कसा आहेस' लिहून खोडलं होतं,
ते त्याला दिसलं नसेल.

सव्वा तासानं फोन वाजला.
मुकुल दाभाडेकडून एक रुपया जमा.
शेरा: जास्त आले.

जास्त आले होते आठ आणे, त्यानं परत केला रुपया,
म्हणजे आता आठ आणे मीच लागतो त्याला.
हे त्याला कळत नाही असं नाही, बँकेत आहे तो.
आणि फोनवरून आठ आणे जात नाहीत,
रुपयाच्या खाली ते ॲप उतरत नाही.
हातातच द्यावे लागतील.

आठ आण्याचं नाणं हल्ली कुठे मिळतं, बघतोय.
मंडईत एक जण जुनी नाणी विकतो म्हणे,
तो त्याचे वीस रुपये मागतो.
त्यातले दहा मुकुलचे.