सेकंड माल

राजमल्लू गुंडेटी, पत्ते ठोकणारा, साखर पेठ.
पत्ते जॅकार्डचे, पिसायचे नव्हेत.
माझा बाप.
लाइट गेली की पेठेतले सगळे माग थांबायचे
आणि कान बधिर करणाऱ्या त्या शांततेत
तो वेठणदेशाचं सांगायचा.

त्या देशात सगळं विणलेलं.
रस्ते, ओढे, बैलांची शिंगं,
राणीच्या नाकावरचा रागसुद्धा
उभा आडवा, उभा आडवा.
मेलेल्याला तिथे जाळत नसत, पुरत नसत,
उसवत.
सूत रंगाप्रमाणे वेगळं करून
शेजाऱ्यापाजाऱ्यांत वाटत.

आणि खूण?
पेन्सिल थुंकीनं ओली करून
ग्राफपेपरच्या पाठीवर काढून दाखवायचा:
चार घरं भरलेली, मधलं एक मोकळं.
बस, एवढीच.
नाव कन्न.
तेलुगूत भोक, आई म्हणायची.
कानडी शेजारीण निंबव्वा म्हणायची, छे, डोळा.
शाळेतल्या बाई म्हणाल्या, काना असेल,
अक्षराला टेकून उभा राहतो तो.
बाप बिडी विझवत म्हणायचा, तिघी बरोबर.

पहिल्यांदा ती विणली गेली चुकून.
एर्रव्वा नावाची बाई, मांडीवर तान्हं,
त्याला पाजता पाजता एक धागा सुटला
आणि त्या भोकातून वारा आला.
तोवर त्या देशात वारा नव्हता.
लोक घाबरले.
मग धुणी वाळायला लागली, मग कुणी पतंग केला.
राजानं फर्मान काढलं:
जो भोक ठेवील त्याचा अंगठा उसवावा.
फर्मानही विणलेलंच. शिक्का जोरात बसला,
बरोबर मधोमध भोक पडलं.

पुढे तीनशे वर्षं ती चोरांची खूण होती,
ज्या भिंतीवर ती, तिथून आत येता येतं.
नंतर सुइणींनी घेतली.
अर्थ तोच.
एका लढाईत तिला झेंड्यावर चढवली,
ताडाएवढी मोठी,
तर नुसता फाटका झेंडा दिसला, हरले.
लहान असेपर्यंतच चालते ती, बाप म्हणायचा,
आणि तेवढ्यात लाइट यायची.
पंखा, माग, रेडिओ, सगळे एकदम.
इतकी सरळ कात्रीसुद्धा कापत नाही.

तो गेल्यावर मालकानं कॉम्प्युटरचं मशीन आणलं.
लडी भंगारात निघाल्या, किलोवर.
मी एक मागून घेतली, मोराची.
घरी जमिनीवर पसरून बघत बसलो.
दोनशे सतराव्या पत्त्यावर, मोराच्या गळ्यापाशी,
एक भोक जास्त.
अठराव्यावर दोन, मधे जागा सोडून.
एकोणिसाव्यावर पुन्हा एक.

चुकणारा हात नव्हता त्याचा.

म्हणजे त्या शेडमधला प्रत्येक मोर
तेवीस वर्षं गळ्यात ते घेऊन निघाला.
तपासणीस खडूनं गोल करायचा, बाजूला टाकायचा.
सेकंड.
नव्वदची चादर साठला.
गड्ड्याच्या यात्रेत हातगाडीवर ढीग लागायचा,
विडी वळणाऱ्या बायका न्यायच्या,
एसटीचे क्लीनर, वॉचमन,
लग्नात पाहुण्यांना अंथरायला म्हणून कुणी दहा-दहा.
पहिल्या प्रतीची ज्यांना परवडली
त्यांना वेठणदेश काही माहीत नाही.

गेल्या पौषात सिव्हिलच्या व्हरांड्यात
एक बाई दिसली, मुलगा आत भरती.
अंगावर मोर, रंग पार उडालेला.
मी उगाच विचारलं, जुनी दिसते.
सासूची, ती म्हणाली.
गळ्यापाशी वारा लागतो हिच्यात,
पण थंडी नाही वाजत बघा.

तिला झोप लागल्यावर
मी खुणेवर बोट टेकवलं.
भोक नाहीच तिथे, वीण तेवढी उलटलेली.
तरी पलीकडून
ते कुणीतरी मुठीत धरलं,
दूध पिताना तान्हं धरतं तसं,
आणि बराच वेळ सोडलं नाही.