सोमवार सुट्टी

बँड काढलाय म्हटलं की पहिला प्रश्न ठरलेला :
वरातीचं किती घेता?
इंद्रजितनं एकदा खरोखर सुपारी घेतली, कळंब्याची.
आम्ही आमचीच दोन गाणी वाजवली.
तिसऱ्याला नवरदेवाच्या मामानं पाचशेची नोट काढली,
थांबण्यासाठी.
त्या पाचशेत माइकचा स्टँड आला.
थोडा डावीकडं कलतो. अजून आहे.

उद्यमनगरात सोमवारी लेथ झोपतात.
सहा दिवस मी तिथं व्हॉल्व्हच्या सीटा फेस करतो,
सातव्या दिवशी तेच शटर अर्धं उचलून
वाकून आत शिरायचो चौघं,
ॲम्प्लिफायर पोटाशी धरून, चोरासारखे,
मालकाची परवानगी असूनही.

अझीम नदाफच्या वडिलांचं गाद्यांचं दुकान.
तयार गाद्या टेम्पोनं आणायच्या, भिंतींना उभ्या टेकवायच्या,
संध्याकाळी झटकून परत.
म्हणजे त्या वर्षी कुणाकुणाच्या नव्या संसारात
आमचा ड्रम झिरपला असणार.
कापूस सगळं ऐकून घेतो, अझीम म्हणायचा,
आणि कुणाला सांगत नाही.

प्रणोती सीपीआरमधली रात्रपाळी संपवून यायची.
रक्ताच्या नळ्यांवर नावं लिहून बोटांना निळी शाई,
आवाज झोपेनं जड, कडेला जरासा फाटलेला.
एकदा शहाण्यासारखी झोप काढून आली,
तर गाणं नुसतं गोड झालं.
ते आम्ही पुसलं.

चौदा सोमवार. नऊ गाणी.
बेसची जाड तार कितीही पिळली तरी
मशीनच्या गुणगुणीवरच येऊन बसायची,
कानाला सहा दिवसांची सवय, दुसरं काय.
आणि चौथ्या गाण्यात,
रंकाळ्याला तीन फेऱ्या मारूनही
बोलायचं ते न बोललेल्या दोघांच्या गाण्यात,
मागच्या शेडमधून घण.
बापू लोहाराला सोमवार मान्य नाही.
ऊसतोड तोंडावर आलेली, कोयत्यांचा ढीग लागलेला,
त्याला कोण सांगणार, जरा हळू ठोका म्हणून?

मिक्सिंगला सांगलीचा पोरगा. हेडफोन काढून म्हणाला,
मागं कोण ठोकतंय?
काढून टाक म्हटलं.
दोन दिवसांनी त्याचा फोन :
काढला की प्रणोतीचा श्वासपण जातोय.
ठेवा.

प्रकाशन म्हटल्यावर आईनं विचारलं, पाहुणे कोण?
समई घासू का?
मी म्हटलं, रात्री बारा वाजता आपोआप होतं.
तिला ते अपशकुनासारखं वाटलं.

गंगावेशीत म्हशी केव्हाच घरी गेलेल्या,
कट्ट्यावर ओल्या शेणाचा वास, एक कुत्रं, आम्ही चौघं.
बाराला फोनवर एक चौकोन उमटला :
अर्धं उचललेलं शटर.
कुणी काही बोललं नाही.
इंद्रजितनं मांडीवर ताल धरला आणि सोडून दिला.

सकाळी एकतीस जणांनी ऐकलेलं,
म्हणजे एकतीस वेळा, त्यातले अकरा माझे.
गावांच्या यादीत पुणे, सातारा, आणि हुपरी.
हुपरीत कुणीतरी सातवं गाणं नऊ वेळा लावलंय.
पैंजण घडवता घडवता असेल,
किंवा झोप येत नसेल.
हुपरीत आमचं कुणी नाही.

मंगळवारी बापू स्वतःच आला,
कुणीतरी सांगितलं होतं त्याला.
एक इअरफोन पुसून कानात घातला,
चौथं लावलं मी.
डोळे मिटून, हनुवटी वर करून ऐकत राहिला,
मग बोट उचललं :
ह्यो माझा घण.
थोड्या वेळानं कपाळाला आठी.
हितं एक ठोका उशिरा पडलाय बघ.
तंबाखू मळत हुतो वाटतं.

पुन्हा लाव, म्हणाला.

मंगळवार होता, मालक समोर, पंचवीस नग बाकी.
मी लेथचा स्विच पाडला.