नऊ हजार नऊशे नव्व्याण्णव

रीसेटचं बटण दाबून धरायचं
आणि ते न सोडता पॉवरचं पुढे सरकवायचं.
लाल दिवा लागला तर चुकलं,
काहीच लागलं नाही तर जमलं.
वरच्या मजल्यावरच्या मिन्हने एवढं सांगितलं,
बोटभर ओटीजी वायर हातात ठेवली
आणि शाळेला पळाला.

कॉम्प्युटर नाही माझ्याकडे.
फोन आहे, कोपऱ्यात तडा गेलेला,
आणि इस्पितळाच्या धुलाईघरातली रात्रपाळी करून
अजून वाफेचा वास मारणारे हात.
कन्सोल साबणाच्या डबीएवढा.
खोक्यावर लिहिलेलं, तीस गेम.
मोजले. खरंच तीस निघाले.

बाबांच्या धंद्यात हे बसलं नसतं.
बावुतीच्या बाजारात घडीची खाट उघडून
ते पिवळ्या कॅसेटी मांडत,
प्रत्येकीवर ९९९९ इन १,
आणि आत सात गेम.
तेच सात. आकाश हिरवं केलं की आठवा,
रणगाडा तिसऱ्या पातळीवरून सोडला की नववा,
असं करत करत नऊ हजार.
गिऱ्हाईक भांडायला आलं तर शांतपणे विचारायचे,
शेवटपर्यंत मोजलेत का?
वूच शहरात एवढा वेळ
गिरण्या बंद पडल्यावरसुद्धा कुणाला नव्हता.

फोन विचारतो, या यंत्राला परवानगी द्यायची?
होय.
मूळ प्रणालीची प्रत आधी जपून ठेवायची?
होय, होय, आधी तेच.

फेब्रुवारीत झटका आला
तेव्हा असं कुणी विचारलं नाही.
सात शब्द उरले बाबांकडे.
होय. चहा. खिडकी. परवा. पुरे. कुत्रा.
आणि हालिना, म्हणजे माझी आई,
जिचं नाव घटस्फोटानंतर
वीस वर्षं त्यांनी तोंडातून काढलं नव्हतं.
खिडकी म्हणजे भूक लागली.
खिडकी म्हणजे टीव्हीवरच्या त्या माणसाला गप्प कर.
परवा म्हणजे दुखतंय,
आणि एकदाच, परवा म्हणजे परवा,
तेव्हा मी गोळ्या घेऊन धावले.
कुत्रा म्हणजे डॉक्टर. यात कधीच चूक नाही.

बॅटरी एकोणीस टक्के.
वीज फोनच पुरवतोय त्या डबीला,
आणि चार्जरला जागा नाही, भोक एकच.
बासष्टवर पट्टी अडली.
मी श्वास रोखला, जणू माझ्या श्वासाने वायर हलेल.
बाबा स्टुलावर बसून
लोणच्याच्या बरणीचं लेबल डाव्या नखाने सोलत होते.
त्यांना वाटलं असेल, मी मेसेज लिहितेय.

त्र्याहत्तर.
फायली सातच. घरात उरलेल्या एकुलत्या कॅसेटमधून
मिन्हने काढून दिलेल्या.
नव्व्याण्णव. मग बराच वेळ नव्व्याण्णव.
मग फोन म्हणाला, काढा.

टीव्ही लावला.
बाबांनी डाव्या अंगठ्याने यादी पुढे नेली,
एकतीसला हिरवं आकाश दिसलं
तेव्हा अंगठा जरा अडखळला.
सदतीस झाले आणि यादी परत पहिल्यावर आली.
ते परत शेवटपर्यंत गेले. परत पहिल्यावर.
‘पुरे?’ त्यांनी विचारलं.
मी म्हटलं, एवढेच बाबा, सदतीस.

त्यांनी असं पाहिलं माझ्याकडे
की यागोदा, धंदा बुडवलास.
मग औषधांच्या टोपलीतली चिकटपट्टी ओढली,
दाताने तोडली, कन्सोलच्या पाठीवर दाबली
आणि मार्कर डाव्या मुठीत धरून
नऊ काढला. नऊ काढला.
तिसरा उलटा पडला, पाठ फिरवून.
चौथ्याला फार वेळ लागला.
चहा निवला तोवर.

‘हालिना,’ ते म्हणाले.
कुठल्या अर्थाने, विचारलं नाही मी.
दुसरा कंट्रोलर उचलला
आणि त्यांच्या डाव्या बाजूला,
जिकडून त्यांना मी दिसते, तिकडे सरकून बसले.