अपील करण्याजोगे नाही

मगदूम वकिलांचं कपाट रिकामं करायचं होतं.
किल्ली माझ्याकडंच. एकवीस वर्षं
त्यांच्या फायली बगलेत मारून
मी बावड्याच्या कोर्टाचे जिने चढलो.

सरकारी वकील. म्हणजे शेतकरी पलीकडच्या बाकावर
आणि अलीकडं आम्ही.
निरोप समारंभासाठी जिंकलेल्या खटल्यांची यादी मागितली कुणी,
ती अर्ध्या पानात संपली.

खालच्या कप्प्यात दुसराच गठ्ठा,
लाल फडक्यात, सुतळीच्या दोन गाठी.

तानूबाई पोवार. जमीन कालव्यात गेलेली.
मोजणीत लिहिलेलं: आंबे चार, विहीर नाही, जिरायत.
कोर्टानं बाईचं ऐकलं, तसं वरून पत्र आलं,
अपिलाचा मसुदा सोमवारपर्यंत.
वकील म्हणाले, "दत्तोबा, एस्टी कधी आहे बघा."

कागलच्या पुढं उतरून चाललो.
झाडं केव्हाच तोडलेली. ते बांधाबांधानं फिरले,
बुंध्यावर हात ठेवत, मोठ्यानं मोजत,
पाढे म्हणणाऱ्या पोरासारखे.
सतरा.
आणि भरावात अर्धं गाडलेलं मोटेचं थारोळं,
पाण्यानं गुळगुळीत झालेलं.
"जिरायत रानाला हे कशाला लागतं हो?"
मला विचारलं. मी काय सांगणार.

तानूबाई लांबूनच, "तुमी सरकारचं न्हवं?"
"व्हय," म्हणाले. एरवी कधी व्हय म्हणत नसत.
तिनं वाटीतनं काकवी पुढं केली.
दिवस मावळला होता, मावळल्यावर ते खात नसत.
वाटी दोन्ही हातांनी घेतली, माझ्याकडं दिली.

त्या रात्री स्वतः टाईप केलं, एका बोटानं:
प्रकरण अपील करण्याजोगे नाही.
खाली सतरा बुंधे, एकेकाचा घेर, वितीत.

भोळे नव्हते हं. मोबदल्यासाठी
रातोरात डाळिंबाची बाग लावणाऱ्या एकाला
त्यांनी पिंजऱ्यात घाम फोडला होता:
"मुळांना अजून पिशवीचा आकार कसा?"
सगळं कोर्ट हसलं. तो माणूसही हसला शेवटी.

गठ्ठ्यात अशी मतं एकशे अडतीस.
काही वरच्यांनी मानली नाहीत. ताशेरे आले,
तेही लावलेत, तारखेवार.
न झालेल्या खटल्याला नंबर नसतो,
शिपाई त्याचा पुकारा करत नाही,
यादीत कुठं लिहू?

नवे साहेब म्हणाले, रद्दीत द्या.
मी गठ्ठा स्कुटरवर पायांपाशी ठेवला.
मावेना. मग पाय दोन्हीकडं बाहेर काढून
हळूहळू घरी आलो.