एकोणतीस फेब्रुवारी, एकोणीसशे

जिनिव्हात त्या आठवड्यात बीझ सुटला होता.
सरोवराचं पाणी काठच्या कठड्यांवर उडायचं
आणि उडता उडता गोठायचं.
आत, तळघरातल्या सभागृहात, सदतीस देश बसले होते
एका फाइलीच्या पोटात काय असावं ते ठरवायला.

माझं काम टिपणांचं. मत मला नव्हतं.
पेन्सिली होत्या, चार वह्या होत्या,
आणि बाविसाव्या वर्षी शिकलेलं लघुलेखन,
ज्याला पुढे मीच इतके फाटे फोडले
की शिकवणारीलाही ते लागलं नसतं.

मसुदा सहा हजार पानांचा.
ठळक अक्षर म्हणजे किती ठळक,
तळटीप पानाखाली मावली नाही तर तिनं जावं कुठे,
"करावे" की "केलेच पाहिजे" यावर
एक अख्खी सकाळ गेली. कॉफी तीनदा आली.

बुधवारी ती तारीख निघाली.
कधीकाळी कुठल्याशा हिशेबाच्या प्रोग्रॅमनं
एकोणीसशे साल लीप धरलं होतं.
चारनं भाग जातो ना, म्हणून.
शतकाचा नियम कुणी पाहिला नाही,
किंवा पाहिला आणि जागा वाचवली.
मग दुसऱ्यानं पहिल्याशी जुळवून घेतलं,
तिसऱ्यानं दुसऱ्याशी,
आणि कधीच न उगवलेला एक दिवस
कोट्यवधी तक्त्यांत खालमानेनं नांदू लागला.
त्या दिवशी कुणी जन्मलं नाही.
कुणाचं दूध उतू गेलं नाही.
तरी त्याला क्रमांक होता: साठ.

नॉर्वेचा टोर्गाइर उठून उभाच राहिला.
प्रमाण म्हणता, आणि त्यात खोटा दिवस घालता?
समोरून उत्तर आलं, इस्त्री केलेलं:
काढला तर पुढची प्रत्येक तारीख एकेका दिवसानं सरकेल.
पगार, व्याज, वाढदिवस, सगळं.

तेव्हा मागच्या रांगेतून वीब्के हार्म्स बोलली,
ल्युनेबुर्गच्या दप्तरखान्यातली.
त्या गावानं हजार वर्षं जमिनीखालचं मीठ उपसलं,
इतकं, की वरची घरं अजून कलतात,
दारं अधूनमधून तासावी लागतात.
खाल्ल्या मिठाला जागणारी बाई.
पिशवीत पत्र्याचा डबा, डब्यात बत्तीस फ्लॉप्या,
मिठाच्या कारखान्यातल्या निवृत्तांची यादी.
ज्या प्रोग्रॅमनं ती लिहिली तो मेला,
मरताना किल्ली कुणाकडे देऊन गेला नाही.

ती म्हणाली,
आमच्या एका जुन्या मीठवहीत
कारकुनानं एप्रिलला एकतीस दिवस दिलेत.
कुणी खोडलं नाही. समासात
वेगळ्या हातानं, बारीक लिहिलंय: इथे चुकलं.
म्हणून ती वही मला आजही वाचता येते.
चूक राहू द्या. पण ती चूक आहे, हे लिहा.
माझ्या डब्यात चुका नाहीत हो.
डब्यात काहीच नाही, असं यंत्र म्हणतं.

कुणीतरी खोकलं.

शुक्रवारी पाचला दहा कमी असताना हात वर झाले.
निकाल छापील आहे, हवा तर शोधा.
मला आठवतो टोर्गाइरचा हात,
कोपरात वाकलेला, ना वर ना खाली,
आणि तो कुठे मोजावा ते न कळून
मी वहीत काढलेली एक खूण,
जी त्या क्षणाआधी नव्हती.

परवा भाची सोलेन त्या चार वह्या घेऊन आली.
"मावशी, हे काय लिहिलंयस?"
चष्मा लावला. पहिलं पान घडाघडा वाचलं.
दुसऱ्यावर, तिसऱ्या ओळीत अडले.
एक फास, खाली टिंब, पुढे शेपटी.
माझाच हात. माझंच वळण.
सोलेन वाट पाहत होती, मग तिनं चहा टाकला.

बाहेर पुन्हा बीझ.
मी पेन्सिलीला टोक काढलं, कोरा कागद घेतला.

एक. उजवीकडे वळलेला फास म्हणजे हरकत.
दोन. खाली टिंब असेल तर ती मागे घेतली.
तीन. कोपरात वाकलेली रेघ: एक माणूस.
त्याचं मत मला तेव्हाही कळलं नव्हतं.

तेही लिहिलं. समासात.