निळ्या कानांचं गाढव

झायफेनच्या डोंगरातलं कथील संपलं
तेव्हा खाणीतली माणसं वर आली
आणि ओढ्याचं पाणी चाकावर घेऊन
कातारी झाली.

ओलं खोड गरगर फिरतं.
ट्राउगॉट लाइखसेनरिंग छिन्नी टेकवतो.
खोबण, उंचवटा, पुन्हा खोबण.
परातीएवढं एक कडं तयार होतं.
आत जनावर आहे, पण ते त्याला दिसत नाही,
बोटांना काय ठाऊक असेल तेवढंच.
मग कड्यावर सुरी, सुरीवर हातोडी,
आणि कलिंगडाच्या फोडींसारखी
गाढवं सुटी होऊ लागतात,
सगळी एका वळणाची,
शेपटाकडे जाड, तोंडाकडे निमुळती.

साठ नगांचा इथे एक शॉक.
आपल्या तीन कोड्या.
मोजतो व्यापारी, भाव सांगतो व्यापारी.

रंगवायचं काम पोरांचं.
शाळा सुटल्यापासून दिव्यातलं तेल सरेपर्यंत.
एर्डमूटे अकराची, आर्नो पाचाचा,
खोलीभर सरसाचा वास.
जिराफ दोघांनी पाहिलेला नाही,
ठिपके शेजारच्या शेळीवरून.
ही सगळी नोहाच्या तारवात बसून
न्यूयॉर्कला जायची.
तिथल्या देवभोळ्या घरांत म्हणे
रविवारी बाकीची खेळणी कुलपात,
तारू तेवढं चालतं,
ते बायबलातलं.

एका रात्री आर्नोला डुलकी लागली,
आणि तारवाच्या छपराचा निळा
गाढवाच्या कानांवर गेला.
पुसायला वेळ नव्हता. पेटी सकाळी निघायची होती.

मार्चमध्ये हेर ब्राइटफेल्डची चिठ्ठी:
निळ्या कानांचं गिऱ्हाइकाला आवडलं.
पन्नास शॉक पाठवा.
कान तसेच हवेत. डावा जरा जास्त.

आर्नोला बसवलं.
बिचारा श्वास रोखून
एक थेंबही इकडचा तिकडे न होऊ देता
कान काढायचा, स्वच्छ, राखाडी, चुकीचे.
जागेपणी त्याला ती झोप जमेना.
शेवटी एर्डमूटेने नमुना समोर ठेवला,
मनगट सैल सोडलं, पापण्या अर्ध्या मिटल्या
आणि भावाची डुलकी
तीन हजार वेळा उतरवून काढली.
डावा जरा जास्त.

घरात त्यातलं एकही राहिलं नाही.
राहायचं कारणही नव्हतं,
हलवाई कुठे स्वतःचे पेढे खातो?
फक्त एकाचा पाय बांधताना मोडला.
ट्राउगॉटने ते उचलून शेगडीत टाकलं.

निळा तांब्याचा होता.
ज्वाळ हिरवी झाली,
क्षणभर, कानांपुरती.

आर्नो खुर्चीवरून उतरून
शेगडीपुढे उकिडवा बसला.
बराच वेळ काही बोलला नाही.
मग बापाला म्हणाला,
अजून एक मोड ना.